मंथरेपलीकडच्या ललिताबाई

नागपूरकर भोसल्यांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधविलेल्या भोसले घाटाच्या आसपास नांदणाऱ्या आम्हां महाराष्ट्रीयांच्या स्मरणिकेत संतांची व वीरांची चरित्रे शोभतात. नटीचे चरित्र क्वचितच येते. तरीही ललिता पवार यांचे स्मरण आम्ही हेतुतः करीत आहो. १९८७ साली दूरदर्शनवर दर रविवारी सकाळी ‘रामायण’ दिसू लागले आणि काशीतील आमच्या मुलाबाळांना ललिताबाई ठाऊक झाल्या त्या केवळ मंथरा म्हणून. मंथरेमागे सहा दशकांची तपश्चर्या उभी होती, हे त्यांना कोणी सांगावे?

पैठणीसाठी प्रसिद्ध असलेल्या, नाशिक जिल्ह्यातील येवल्यात १८ एप्रिल १९१६ रोजी त्यांचा जन्म झाला. मूळ नाव अंबिका. पुण्यातील सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत, मूकपटांच्या काळात, बालवयातच त्यांनी तोंडाला रंग लावला. पुढे त्या नायिका झाल्या, ‘कैलास’ या १९३२ च्या मूकपटाच्या निर्मितीत सहभागी झाल्या आणि बोलपट आल्यावर आपली गाणी आपणच गाऊ लागल्या. रूप, कंठ व धाडस यांपैकी कशाचीच उणीव नव्हती.

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवानदादांना त्यांच्या मुखावर चपराक मारण्याचा प्रसंग वठवावयाचा होता. हात वाजवीपेक्षा जोराने बसला. मुखाला अर्धांगवायूचा झटका आला, दीर्घकाळ उपचार चालले. आणि डाव्या डोळ्यात व्यंग राहिले ते कायमचेच. ज्या व्यवसायात मुख हेच भांडवल, तेथे पंचविशी नुकतीच ओलांडलेल्या नायिकेवर हा केवढा आघात! दुसरी कोणीही घरी बसली असती. बाईंनी मात्र नायिकापद सोडले, रंगपेटी सोडली नाही. ज्या डोळ्याने नायिकेचा मान हिरावून घेतला, त्याच अर्धमिटल्या डोळ्याने पुढे पडद्यावर असा दरारा निर्माण केला की, प्रेक्षागृहातील सुनांनी पदर सावरावेत.

प्रभातच्या १९४४ च्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’ चा ‘मा’ ही कथा ज्यांच्या घरात परंपरेने सांगितली जाते, त्या मराठी प्रेक्षकांपुढे ही भूमिका करणे सोपे नव्हते. शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) त्यांनी सासू रंगविली आणि खाष्ट सासू म्हणजे ललिता पवार हे समीकरणच होऊन बसले. लोक त्यांचा मनापासून राग करीत. आमच्या मते नटीला याहून मोठी पावती नाही, पण ती पचविणे कठीण.

या समीकरणाने त्यांच्यावर अन्यायही झाला, असे आम्हांस वाटते. ‘श्री ४२०’मधील (१९५५) केळी विकणारी प्रेमळ बाई त्यांचीच, ‘आनंद’मधील (१९७१) वरून करडी, आतून हळवी मेट्रनही त्यांचीच. ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) तर कडक शिस्तीची प्रौढा प्रेमात पडून लाजते तेव्हा हसू येते आणि तिची कीवही येते. ‘अनाडी’तील (१९५९) मिसेस डिसा या सर्वांवर कळस होय. भाडेकरू तरुणावर सदैव डाफरणारी व चोरून त्याच्यावर माया करणारी ही घरमालकीण ज्यांनी पाहिली, त्यांना खाष्टपणा व वात्सल्य एकाच मुखावर कसे नांदते ते कळले. या भूमिकेस फिल्मफेअर पारितोषिक लाभले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीने बाईंचा गौरव केला.

आणि मंथरा? गंगेपलीकडे रामनगरच्या रामलीलेत स्त्रीभूमिका मुलेच करतात. तेथील मंथरा आमच्या परिचयाची. ज्या तुलसीदासांनी आमच्याच काशीत वास्तव्य केले, त्यांच्या कथेत देवांच्या विनवणीवरून सरस्वती या दासीची बुद्धी फिरविते. म्हणजे ती नुसती दुष्ट नव्हे, निमित्तमात्रही आहे. ललिताबाईंची मंथरा कैकेयीच्या कानी लागते तेव्हा तिच्या बोलण्यात द्वेषाइतकीच, आपल्या हातांनी वाढविलेल्या राणीविषयीची आसक्ती जाणवते. सत्तरी उलटल्यावर कमरेत वाकून त्यांनी ही भूमिका केली.

अखेरच्या वर्षांत तोंडाच्या कर्करोगाने त्यांना गाठले. मुंबईच्या झगमगाटापासून दूर, पुण्यातील आपल्या निवासस्थानी २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या निवर्तल्या. त्या वेळी घरात जवळ कोणी नव्हते.