शब्द वेचणारा कॅप्टन

गेल्या गणपतीतली गोष्ट. महाप्रसादाची यादी करायला आम्ही पाच-सहा जण सोसायटीच्या ऑफिसात बसलो होतो. मी आपला लाल भोपळ्याची भाजी सुचवली. त्यावर विदर्भातल्या वहिनी म्हणाल्या, त्यापेक्षा कोहळं करू या. मराठवाड्यातल्या काकांनी गंगाफळाचा आग्रह धरला आणि साताऱ्याकडच्या आजींनी डांगराचा. कोहळ्याचा पेठा करतात, भाजी कुठे करतात, म्हणून मी अडून बसलो. दहा-पंधरा मिनिटं बरीच वादावादी झाली आणि मग लक्षात आलं, की आम्ही चौघंही एकाच भाजीबद्दल भांडतोय!

भाजी झाली, सगळ्यांनी दोनदा वाढून घेतली. पण मला मात्र तेव्हापासून एक खोड लागली. एक दोनशे पानी वही आणली आणि जिन्यात, लिफ्टमध्ये, गच्चीवर वाळवणं घालताना कुणाच्या तोंडून वेगळा शब्द आला, की तो टिपून ठेवायचा. घरी सौ. म्हणते, रिटायर झाल्यावर माणसं बागकाम करतात. असो. रौप्यमहोत्सवी स्मरणिकेसाठी एखाद्या थोर व्यक्तीविषयी लिहा, असं संपादक मंडळाने सांगितलं तेव्हा मला दुसरं नाव सुचलंच नाही. या खोडीतले आमचे मूळपुरुष म्हणजे जेम्स थॉमस मोल्सवर्थ.

नाव आपल्यापैकी पुष्कळांनी ऐकलं असेल. मराठी शब्दाच्या अर्थावरून वाद झाला की अजूनही कुणीतरी म्हणतं, मोल्सवर्थ बघा. पण हा माणूस कोण, हे विचारलं तर आपण गप्प. मीसुद्धा परवापरवापर्यंत त्यातलाच.

मोल्सवर्थ यांचा जन्म १७९५ सालचा. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई सैन्यात भरती होऊन १८१२ च्या सुमारास, म्हणजे मिसरूड फुटण्याच्या वयात, ते इकडे आले. त्या वेळी पुण्यात पेशवे होते. सहा वर्षांनी, १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि एवढा मोठा मराठी मुलूख कंपनीच्या ताब्यात आला. मुलूख हाती आला तरी भाषा हाती आली नव्हती. शेतसारा वसूल करायचा, तंटे ऐकायचे, गावच्या पाटलाशी बोलायचं, तर मराठी यायला हवी. साहेबलोकांसाठी मराठी शिकणं ही नोकरीची गरज झाली.

कोश अगदीच नव्हते असं नाही. बंगालमध्ये सेरामपूरला विल्यम कॅरी यांनी १८१० मध्येच मराठी-इंग्रजी कोश काढला होता, तोही मोडी लिपीत आणि वैजनाथ नावाच्या पंडितांच्या मदतीने. मुंबईत १८२४ मध्ये व्हॅन्स केनेडी यांचा कोश निघाला. पण ही पुस्तकं लहान. गावात फिरणाऱ्या माणसाला दिवसभरात जे शब्द कानावर येत, त्यातले पुष्कळसे त्यांत सापडत नसत.

मोल्सवर्थ यांना मराठीची गोडी लागलेली होतीच. त्यांना लष्करातलेच दोन जोडीदार मिळाले, थॉमस आणि जॉर्ज कँडी. हे दोघे जुळे भाऊ. (यातल्या थॉमस कँडींचे आपल्यावर आणखी एक उपकार आहेत. मराठीतल्या विरामचिन्हांवरचं त्यांचं पुस्तक १८५० चं. आज आपण स्वल्पविराम, पूर्णविराम देतो, ती सवय लावणाऱ्यांत ते आघाडीवर होते.) तिघांनी मिळून मोठा कोश करायचं ठरवलं आणि मुंबई सरकारने त्याचा भार उचलला.

आता इथे एक गोष्ट थांबून सांगायला हवी. कोशावर नाव साहेबांचं असलं, तरी शब्द आणले ते आपल्या शास्त्रीमंडळींनी. जगन्नाथशास्त्री क्रमवंत, परशुरामपंत गोडबोले आणि त्यांचे सहकारी या कामावर होते. याच मंडळींचा मराठीतून मराठी अर्थ देणारा कोश १८२९ मध्ये बाहेर आला. तो शास्त्र्यांचा कोश म्हणून ओळखला जातो. मोल्सवर्थ यांचं मोठेपण वेगळ्या गोष्टीत आहे. संस्कृतात मुरलेल्या पंडितांच्या संगतीत राहूनही त्यांनी कोश नुसत्या पंडिती शब्दांचा होऊ दिला नाही. शब्द लोकांच्या तोंडी आहे ना, मग तो घ्यायचा. देशावरचा असो, कोकणातला असो, देवळातला असो की गोठ्यातला. म्हणी घेतल्या, बायकांच्या बोलण्यातले शब्द घेतले, लहान मुलांचे बोबडे शब्द घेतले, आणि चारचौघांत उच्चारता येणार नाहीत असे शब्दही घेतले. कोकणातला शब्द असेल तर त्यापुढे तशी खूण. ‘हात’, ‘डोळा’, ‘पाणी’ असल्या रोजच्या शब्दांखाली तर वाक्प्रचारांची अशी रांग लागलेली आहे, की वाचता वाचता चहा गार होतो. (आमच्याकडे झालेला आहे.)

गंमत म्हणजे युरोपियन माणसाला आपले लोक ‘टोपीवाला’ म्हणत, तोही शब्द कोशात आहे. म्हणजे स्वतःला लोक काय म्हणतात, तेही साहेबांनी टिपून ठेवलं.

पहिली आवृत्ती १८३१ मध्ये निघाली. त्यात सुमारे चाळीस हजार शब्द होते. त्यापाठोपाठ इंग्रजी-मराठी कोशाचं काम हाती घेतलं, पण तब्येतीने दगा दिला. १८३६ मध्ये मोल्सवर्थ यांना काम अर्धवट सोडून मायदेशी जावं लागलं. ते थॉमस कँडींनी पुढे नेलं आणि १८४७ मध्ये पुरं केलं.

मोल्सवर्थ यांच्या मनाची घडण सांगायची, तर आणखी एक गोष्ट महत्त्वाची. ते अतिशय धर्मनिष्ठ ख्रिस्ती होते. शस्त्र धरण्याचा पेशा आपल्या श्रद्धेशी जुळत नाही असं त्यांना वाटू लागलं, आणि त्यांनी लष्कराचा चक्क राजीनामा दिला. कॅप्टनची चांगली नोकरी! मुलुख जिंकणाऱ्या फौजेतून आलेला माणूस फौज सोडून देतो आणि त्या मुलखाचे शब्द मात्र सोडत नाही, याचं मला फार नवल वाटतं.

कारण ते परत आले. १८५१ मध्ये, पन्नाशी उलटलेली असताना, पुन्हा बोटीचा प्रवास करून ते हिंदुस्थानात आले, ते आपलाच कोश दुरुस्त करायला. पहिल्या आवृत्तीत काय काय राहून गेलं, कुठे अर्थ लंगडा पडला, हे त्यांना टोचत असणार. नाव झालं होतं, पुस्तक वापरात होतं, घरी बसून राहिले असते तरी कुणी बोल लावला नसता. पुढची पाच-सहा वर्षं पुन्हा तेच काम: शब्द तपासायचा, अर्थ नीट करायचा, नवा शब्द आला की त्याची जागा शोधायची. दुसरी आवृत्ती १८५७ मध्ये मुंबईत छापून निघाली. शब्द झाले होते सुमारे साठ हजार आणि पानं नऊशेच्या घरात. उत्तरेत उठावाचा वणवा पेटलेला होता, ते हेच साल. लोक त्यांना ‘मोलेसर शास्त्री’ म्हणत असं सांगतात. एखाद्या साहेबाला शास्त्री म्हणणं ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती.

शब्द कुठून आला याचीही या कोशात खूण आहे. संस्कृत, फारसी, अरबी, हिंदुस्थानी, पोर्तुगीज अशा भाषांसाठी आद्याक्षरं ठरवून दिलेली आहेत. बऱ्याच शब्दांपुढे मात्र काहीच नाही. उगाच ओढूनताणून मूळ चिकटवण्यापेक्षा ते बरं. मुळं खणण्याचं काम पुढच्यांनी केलं. कृ. पां. कुलकर्णी यांचा मराठी व्युत्पत्तिकोश आला तो १९४६ मध्ये, म्हणजे जवळजवळ नव्वद वर्षांनी.

या मुळांचा नाद एकदा लागला की आपली इमारतसुद्धा वेगळी दिसायला लागते. ‘इमारत’ हा शब्दच अरबी. तिचा ‘मजला’ही अरबी मंझिलवरून आलेला. ‘जिना’ फारसी, ‘दरवाजा’ फारसी, पण त्या दरवाज्याची ‘चावी’ पोर्तुगीज. वॉचमनला आपण देतो तो ‘पगार’ पोर्तुगीज आणि खजिनदार मांडतात तो ‘हिशोब’ अरबी. घरात शिरलात तर स्वयंपाकघरातला ‘बटाटा’ पोर्तुगीजांबरोबर आलेला, वरणावरचं ‘तूप’ कानडी आणि पानाच्या डब्यातला ‘अडकित्ता’ही कानडीच. मे महिन्यात पार्किंगमध्ये पेट्या उतरतात त्या ‘हापूस’चं नाव पोर्तुगीज अफोन्सोवरून. सर्वसाधारण सभेत शुद्ध मराठीचा आग्रह धरणाऱ्या सभासदांनी हे कृपया शांतपणे घ्यावं.

माझ्याकडची प्रत १९७५ साली पुण्यात निघालेल्या पुनर्मुद्रणाची, जुन्या बाजारात मिळालेली. पहिल्यांदा उघडली तेव्हा मी शोधला तो ‘उतरंड’. माझ्या आजीच्या घरी माजघराच्या कोपऱ्यात एकावर एक रचलेल्या मडक्यांची उतरंड होती. सगळ्यात खाली मोठं, वर लहान होत गेलेली. तिच्यातल्या कुठल्या मडक्यात काय आहे, ते फक्त आजीला ठाऊक. आता हा शब्द भाषणात आणि अग्रलेखात ऐकू येतो, पण मडकी कुणाच्या डोळ्यासमोर येत नाहीत. कोशात तो शब्द मडक्यांसकट होता. मग ‘फडताळ’ बघितला, ‘शिंकाळं’ बघितला, ‘दिवेलागण’ बघितला. सगळे होते. आजीला लिहिता-वाचता येत नव्हतं. तिच्या तोंडचे शब्द तिच्या जन्माच्या कितीतरी आधी एका परक्या माणसाने कागदावर उतरवून ठेवले होते. मी बराच वेळ ते पुस्तक मांडीवर घेऊन तसाच बसलो होतो.

नातीला ‘शिंकाळं’ समजावून सांगायला मला मॅक्रमेच्या कुंडीची उपमा द्यावी लागली. तिला पटली.

मोल्सवर्थ पुढे इंग्लंडला परतले आणि १८७१ मध्ये तिकडेच वारले. त्यांच्या हयातीतच, १८६३ मध्ये, बाबा पदमनजींनी या कोशाचा आटोपशीर संक्षेप काढला होता. मूळ कोश आता इंटरनेटवरही आहे. फोनवर शब्द टाकला की उघडतो, तेव्हा तरुण मंडळींनी जरूर चाळावा.

जाता जाता एक विनंती. माझी वही आता सोसायटीच्या ऑफिसात, टपालाच्या खणाशेजारी ठेवली आहे. आपल्या गावाकडचा, आजीचा, माहेरचा एखादा शब्द आठवला तर त्यात लिहावा, पुढे गावाचं नाव आणि अर्थ द्यावा. आपलं नाव नाही दिलं तरी चालेल. लाल भोपळ्याची चार नावं झाली आहेत. खानदेशातल्या मंडळींनी अजून काही लिहिलेलं नाही.