अनाशीचं मडकं आणि हाईम केहिमकर



मी पेशाने नर्स. मुंबईत नर्सिंगचा डिप्लोमा केला, लग्न झालं आणि इस्राएलला आले. सगळी नोकरी इथेच झाली. आता सत्तरी उलटून गेली आहे, गुडघे बोलतात, पण स्वयंपाकघरात अजून उभी राहते.

नोकरीतले सुरुवातीचे दिवस होते. एकदा घरी मलिदा झाला म्हणून डब्यातून तो वॉर्डात नेला. पोहे, गूळ, खोबरं, वेलची आणि वर फळं. बरोबरच्या एका नर्सने चव घेतली, छान म्हणाली, आणि मग सहज विचारलं की हे तर हिंदुस्थानी प्रसादासारखं आहे, यात ज्यूंचं काय? मला उत्तर देता आलं नाही. बिरडं, चिकचा हलवा, मनुकांचं शरबत, हे सगळं मला करता येत होतं, पण त्याबद्दल सांगता येत नव्हतं. ती गोष्ट बरीच वर्षं मनाला टोचत राहिली.

उत्तर मिळालं ते हाईम सॅम्युएल केहिमकर यांच्या पुस्तकात. आपल्यातल्या बऱ्याच जणांनी त्यांचं नाव ऐकलेलं आहे. पण ते नुसते शाळेचे संस्थापक नव्हते, म्हणून आज त्यांच्याविषयी लिहिते.

केहिमकरांचा जन्म १८३० सालचा. आडनाव अलिबागजवळच्या किहीम गावावरून आलेलं, जसं आपलं प्रत्येकाचं कुठल्या ना कुठल्या गावावरून आलं आहे. त्या काळात आपली माणसं कोकणातला तेलाचा घाणा सोडून मुंबईला येत होती. कोणी पलटणीत शिरलं, कोणी कचेरीत कारकून झालं, कोणी सुतारकाम धरलं. मुलांना शिकवायचं तर मिशनऱ्यांच्या शाळा होत्या. तिथे हिब्रूही शिकवत, पण आपला धर्म परक्याच्या तोंडून शिकायची पाळी आली होती. वर मुंबईतले काही बगदादी ज्यू आपल्याला कमी लेखत, आपल्या ज्यू असण्यावरच शंका घेत.

केहिमकरांनी दोन्ही दुखण्यांवर औषध शोधलं. पहिलं औषध शाळा. १८७५ साली समाजाच्या मुलांसाठी इस्रायली शाळा सुरू झाली, त्यात त्यांचा पुढाकार होता. पुढे लंडनच्या अँग्लो-ज्युइश असोसिएशनची मदतही मिळाली. हीच शाळा नंतर माझगावची सर एली कदुरी शाळा झाली. वाचकांपैकी किती जण तिथल्या बाकांवर बसले असतील!

दुसरं औषध म्हणजे पुस्तक. त्यांनी बेने इस्राएलांचा इतिहास इंग्रजीत लिहायला घेतला. आपल्याकडे ना शिलालेख, ना जुनी वही. नवगावच्या किनाऱ्याजवळ गलबत फुटलं, सात जोडपी वाचली, पोथ्या समुद्राने नेल्या, एवढीच काय ती तोंडची हकीकत. मग पुरावा आणायचा कुठून? त्यांनी तो आपल्या घरांत शोधला. सण कधी करतात, त्यांना काय म्हणतात, त्या दिवशी काय शिजतं, काय शिजत नाही, हे सगळं त्यांनी टिपून ठेवलं.

आता ती नावं आठवा. तिश्रीच्या पहिल्या दिवशी नव्याचा सण. मागोमाग खिरीचा सण, नव्या तांदळाचा. मग दारफाळणीचा सण. त्या दिवशी दारं लावून, पांढरे कपडे घालून घरात उपास करायचा. तो किप्पुर, हे नाव विसरलं तरी उपास विसरला नव्हता. दुसऱ्या दिवशी शिळा सण, गरिबांना दान आणि गाठीभेटी. अव महिन्याच्या नवमीला बिरड्याचा सण. मांस वर्ज्य, केळीच्या पानावर भात आणि वालाचं बिरडं. मंदिर पडल्याचा तो दुखवटा होता. मंदिर कुठलं, हे आमच्या पणजीच्या पणजीला सांगता आलं नसतं, पण त्या दिवशी तिने मटण शिजवलं नसतं.

मला सगळ्यात आवडतो तो अनाशी ढाकायचा सण. अनाशी म्हणजे आंबट कालवणाचं मडकं. पेसाहच्या आठ दिवसांत ते झाकून ठेवायचं, हात लावायचा नाही. का, ते कोणाला ठाऊक नव्हतं. माझ्या मते कोकणात रोजची भाकरी तांदळाची, तिला खमीर लागतच नाही. घरात आंबलेलं असं ते एक मडकंच, म्हणून तेच झाकलं. आज्ञा विसरली, पण हात विसरले नाहीत. वॉर्डात मी असे रुग्ण पाहिले आहेत. मुलाचं नाव आठवत नाही, पण शुक्रवारी संध्याकाळ झाली की हात दिव्याकडे जातो.

काय नव्हतं, तेही केहिमकरांनी पाहिलं. जुन्या सणांत हनुक्का नव्हता. त्यावरून त्यांनी मांडलं की हनुक्का सुरू होण्याआधीच, इसवी सनापूर्वी १७५ च्या सुमारास, आपले पूर्वज निघाले असावेत. सगळे विद्वान हा काळ मानत नाहीत. पण ताटावरून इतिहास वाचायची ती रीत मला पटते. दाविद रहाबींची गोष्टही तशीच आहे. त्यांनी आपल्या बायकांपुढे मासळी ठेवली आणि त्यांनी पर व खवले नसलेली बाजूला काढली. त्यावरून त्यांनी आपल्याला ओळखलं, असं आपण मानत आलो.

केहिमकरांनी शेजाऱ्यांचं देणंही लपवलं नाही. पुरीमला होळीचा सण म्हणत, एलूलच्या उपासांना रमजान, एलिया हन्नबीच्या दिवसाला उरुस. नाव शेजारच्या गल्लीतलं, आतला देव आपला. मलिद्याचंही तसंच. पोहे आणि नारळ कोकणाचे, नवस एलिया हन्नबीचा. मला वॉर्डात द्यायचं होतं ते उत्तर हेच होतं.

पुस्तक १८९७ साली लिहून झालं, पण छापलं गेलं नाही. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात केहिमकर वारले, तेव्हा ते हस्तलिखितच होतं. शेवटी इमॅन्युएल ओल्सवांगर यांनी ते संपादित केलं आणि १९३७ साली ते तेल अवीवमध्ये प्रसिद्ध झालं. लेखकाचे पाय या भूमीला लागले नाहीत, पण त्यांचं पुस्तक आपल्यातल्या बहुतेकांच्या आधी इथे पोचलं. पुढे इथेही आपल्या लग्नांवरून शंका काढल्या गेल्या, १९६४ मध्ये माणसांना जेरुसलेममध्ये आंदोलन करावं लागलं. ते दिवस आठवले की वाटतं, केहिमकरांनी टिपून ठेवलं ते किती बरं झालं.

परवा नातीने विचारलं, आजी, बिरडं का सोलायचं, डब्यातलं मिळत नाही का? या वेळी मला उत्तर येत होतं. तिला शेजारी बसवलं, भिजवून मोड आणलेले वाल पुढे ठेवले आणि सांगत सांगत सोलले. निम्मे तिने सोलले, निम्मे सांडले.

मंडळी, एक विनंती. तुमच्या घरी सणांना काय म्हणत, काय शिजत असे, ते एका वहीत लिहून ठेवा. मराठीत लिहा, हिब्रूत लिहा, पण लिहा. आपल्या पिढीनंतर सांगायला कोणी राहणार नाही, आणि दर वेळी केहिमकर जन्माला येत नाहीत.