फ्रीडरिख श्पे : चेटकाच्या अभियोगांना प्रमाणाची कसोटी लावणारा संन्यासी

अज्ञ जनांनी भ्रमात पडावे यात नवल नाही. परंतु विद्वानांनी त्या भ्रमाला शास्त्राचा आधार द्यावा आणि न्यायासनाने त्यावरून देहदंड सांगावा, म्हणजे अनर्थाला सीमा राहत नाही. युरोप खंडात सुमारे इ.स. १४५० ते १७५० या तीन शतकांत चेटकाच्या आरोपावरून चाळीस ते साठ हजार माणसांना मृत्युदंड झाला असे इतिहासकार मानतात. त्यांत बहुसंख्य स्त्रिया होत्या. ह्या अनर्थाविरुद्ध ज्याने आपल्या विद्येचा उपयोग केला, त्या फ्रीडरिख श्पे या जर्मन संन्याशाचे चरित्र विचारी जनांनी अवश्य अवलोकावे असे आहे.

श्पे यांचा जन्म इ.स. १५९१ मध्ये ऱ्हाइन नदीकाठच्या कायझर्सव्हेर्थ गावी झाला. एकोणिसाव्या वर्षी, इ.स. १६१० मध्ये, त्यांनी जेझुइट या ख्रिस्ती संन्यासीसंघात प्रवेश केला. हिंदुस्थानात धर्मकार्यासाठी जावे अशी त्यांची उत्कट इच्छा होती. इ.स. १६१७ मध्ये त्यांनी संघाच्या सर्वाधिकाऱ्यांना तशी विनंतीही केली. परंतु ती अमान्य झाली. गुर्वाज्ञा शिरोधार्य मानून ते स्वदेशीच अध्यापन करीत राहिले. इ.स. १६२२ मध्ये त्यांना पुरोहितदीक्षा मिळाली.

तो काळ मोठा विपरीत होता. इ.स. १६१८ पासून जर्मनीत तीस वर्षांचे युद्ध पेटले होते. महामारी व दुष्काळ पाठीशी होतेच. इ.स. १६२६ च्या मे महिन्यात अकाली हिम पडून फ्रँकोनिया प्रांतातील द्राक्षमळे व धान्य नष्ट झाले, तेव्हा हे चेटकिणींचेच कृत्य, असा लोकांनी निश्चय केला. व्यूर्त्सबुर्ग व बाम्बेर्ग येथे चितांवर चिता पेटल्या. चेटकीण कशी ओळखावी व तिचा छळ कसा करावा, हे सांगणारे पंडितांचे ग्रंथ दीडशे वर्षे प्रचारात होतेच.

दंडितांचे अखेरचे पापनिवेदन ऐकून त्यांना वधस्थानापर्यंत सोबत करण्याचे कार्य श्पे यांच्याकडे आले. मृत्यूच्या दारात उभ्या असलेल्या त्या स्त्रियांचे अंतःकरण त्यांनी जवळून पाहिले. आपण सोबत केलेल्यांपैकी एकही अपराधी नव्हती, अशी त्यांची खात्री झाली. मधल्या काळात, इ.स. १६२९ मध्ये, पंथकलहातून पाइन नगराजवळ त्यांच्यावर प्राणघातक हल्ला झाला. त्यातून ते वाचले आणि पाडरबोर्न येथे नीतिशास्त्र शिकवू लागले.

इ.स. १६३१ मध्ये रिंटेल्न येथे ‘काउत्सिओ क्रिमिनालिस’ हा त्यांचा लॅटिन ग्रंथ कर्त्याच्या नावावाचून प्रसिद्ध झाला. अभियोग चालविताना बाळगावयाची सावधगिरी, असा त्या नावाचा आशय आहे. ग्रंथात एक्कावन्न शंका व त्यांची समाधाने आहेत. पहिल्याच शंकेत, जगात चेटूक असू शकते, हे श्पे मान्य करतात. त्यामुळे प्रतिपक्षाला त्यांना नास्तिक ठरविता येत नाही. मग ते मूळ प्रश्नाला हात घालतात : अमुक स्त्री चेटकीण आहे, हे कोणत्या प्रमाणाने सिद्ध झाले?

न्यायाधीशांच्या तर्कातील दोष ते एकेक करून दाखवितात. स्त्री दुराचारी असेल तर तो पुरावा; सदाचारी असेल तर चेटकिणी सद्गुणाचा बुरखा घेतात म्हणून तोही पुरावा. भ्याली तर अपराधी, न भ्याली तरी अपराधी. यातनेत कबूल झाली तर प्रश्नच मिटला. मुकाट्याने सोसले तर सैतानानेच तिला ते बळ दिले! यातनेत मेली तर सैतानाने तिची मान मोडली. ज्या अनुमानात हेतू असला तरी तेच साध्य आणि नसला तरी तेच साध्य, ते अनुमानच नव्हे. शिवाय कबूल झालेलीला साथीदारांची नावे विचारीत, आणि वेदना थांबाव्यात म्हणून ती कोणाचेही नाव घेई. अशा रीतीने एका चितेतून दहा चिता उत्पन्न होत. हेच यंत्र पुरोहितांना व न्यायाधीशांना लावले तर तेही चेटकी ठरतील, असे श्पे निर्भयपणे लिहितात. सारांश, यातनेतून निघालेला शब्द ही साक्ष नव्हे.

ग्रंथकर्ता कोण, हे फार काळ गुप्त राहिले नाही. संघाच्या अनुमतीवाचून ग्रंथ निघाल्याने स्वकीयांतही रोष उसळला व त्यांना संघाबाहेर घालण्याची मागणी झाली. परंतु प्रांतप्रमुखांनी त्यांना सांभाळून घेतले. पुढे श्पे ट्रियर येथे गेले. इ.स. १६३५ मध्ये त्या नगरीत रोगी सैनिकांची शुश्रूषा करीत असता त्यांना महामारीची बाधा झाली आणि ७ ऑगस्ट रोजी, वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी, त्यांचा देह पडला.

ग्रंथ मात्र मागे राहिला. श्पे यांना तरुणपणी ओळखणारे योहान फिलिप फॉन श्योनबोर्न पुढे माइन्त्सचे आर्चबिशप झाले व त्यांनी आपल्या राज्यात हे अभियोग बंद पाडले, अशी नोंद तत्त्वज्ञ लाइब्निट्स यांनी केली आहे. इ.स. १७०१ मध्ये ख्रिस्तियान थोमासियुस या विधिपंडिताने श्पे यांच्याच आधारे चेटकाच्या अभियोगांवर प्रहार केला. तरीही ती प्रथा पूर्ण मावळण्यास अठराव्या शतकाची अखेर यावी लागली.

भ्रमाचे निरसन केवळ उपहासाने होत नाही. त्याच्या प्रमाणांची परीक्षा करावी लागते, आणि ती करण्याचा भार शास्त्र जाणणाऱ्यावर अधिक असतो. भिक्षुक असो वा वासनिक, कोणावर करणीचा आळ आलेला ऐकताच त्याने आधी हेच विचारावे की, ही व्यक्ती निर्दोष असती तर ते दिसून येण्यास आपण कोणती वाट मोकळी ठेवली आहे? तशी वाट नसेल, तर तो न्याय नव्हे, हिंसा होय.