'महल' आणि 'पाकिजा' शूट करणारा जर्मन कॅमेरामन युद्धाची सगळी वर्षं ब्रिटिशांच्या कैदेत होता

४ फेब्रुवारी १९७२. मुंबईच्या मराठा मंदिरमध्ये 'पाकिजा'चा प्रीमियर होता. पिक्चर बनायला जवळपास दीड दशक लागलेलं. पडद्यावर नावं सुरू झाली, त्यात छायाचित्रणापुढे नाव आलं जोसेफ विर्शिंग. हा माणूस तेव्हा जिवंत नव्हता. त्याला जाऊन साडेचार वर्षं उलटली होती.

विर्शिंगचा जन्म १९०३ चा, जर्मनीतल्या म्युनिकचा. तिथल्या एमेल्का या फिल्म कंपनीत तो कॅमेरामन होता. १९२४ मध्ये हिमांशू राय हा बंगाली तरुण म्युनिकला पोहोचला. त्याला गौतम बुद्धांवर पिक्चर काढायचा होता. एमेल्काने त्याच्यासोबत आपली टीम भारतात पाठवली. दिग्दर्शक होता फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेऱ्यामागच्या लोकांमध्ये होता बावीस वर्षांचा विर्शिंग. त्यातून 'प्रेम संन्यास' हा मूकपट तयार झाला.

पुढे १९३४ मध्ये हिमांशू राय आणि देविका राणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली, तेव्हा त्यांनी याच जर्मन मंडळींना परत बोलावलं. ऑस्टेन आला, विर्शिंग आला, सेट आणि लॅबचे जाणकारही आले. 'जवानी की हवा', 'जीवन नैया', 'अछूत कन्या' अशा डझनभरापेक्षा जास्त पिक्चरचा कॅमेरा पुढच्या चार-पाच वर्षांत विर्शिंगने सांभाळला. अशोक कुमार लॅबमध्ये काम करायचे, तिथून उठून हिरो झाले. त्यांच्या पहिल्या पिक्चरचा कॅमेरामन हाच.

याच काळात स्टुडिओत एक पोरगा आला. नागपुरात कॉलेज केलेला, नाटकाचं वेड असलेला. नाव किशोर साहू. १९३७ च्या 'जीवन प्रभात'मध्ये त्याला थेट देविका राणीसमोर हिरोचा रोल मिळाला. कॅमेऱ्यामागे अर्थात विर्शिंग होता. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तर सगळं सुरळीत चालू असताना सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्ध सुरू झालं. ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं आणि भारतातला प्रत्येक जर्मन माणूस एका रात्रीत शत्रू राष्ट्राचा नागरिक ठरला. अहमदनगरसारख्या ठिकाणी छावण्या उघडून या लोकांना तिथे डांबण्यात आलं. ऑस्टेन तर नाझी पक्षाचा सदस्यच होता. वय झाल्याने त्याला नंतर जर्मनीला जाऊ दिलं. विर्शिंग मात्र अडकला. ज्या स्टुडिओचा चेहरामोहरा त्याने घडवला, त्याची सर्वात मोठी कमाई होत असताना तो तारेच्या कुंपणाआड होता. १९४३ चा 'किस्मत' कलकत्त्याच्या रॉक्सी थिएटरमध्ये तीन वर्षांहून जास्त चालला. तो शूट केला होता आर. डी. परीन्जा यांनी, आणि परीन्जा तयार झाले होते विर्शिंगच्याच हाताखाली.

युद्ध संपलं, सुटका झाली. तेव्हाचं म्युनिक म्हणजे बॉम्बहल्ल्यांनी उद्ध्वस्त झालेलं शहर. भारतातले जर्मन मोठ्या संख्येने परत पाठवले जात होते. विर्शिंग इथेच राहिला आणि पुन्हा मालाडच्या स्टुडिओत आला. हिमांशू राय १९४० मध्येच गेले होते, देविका राणींनी सिनेमा सोडला होता. म्हणजे ज्यांच्या शब्दावर तो आला, त्यांच्यापैकी कोणीच उरलं नव्हतं.

पण त्याचं सगळ्यात भारी काम इथून पुढचं आहे. १९४८ मध्ये देव आनंदला स्टार करणारा 'जिद्दी' आणि १९४९ मध्ये 'महल'. कमाल अमरोही यांचा दिग्दर्शक म्हणून हा पहिला पिक्चर. एडिटिंगला खुद्द बिमल रॉय. ओसाड हवेली, झुलणारा रिकामा झोपाळा, हातात मेणबत्ती घेतलेली मधुबाला. विर्शिंगने इथे उजेडापेक्षा अंधार जास्त वापरला. चेहऱ्याच्या एका बाजूला प्रकाश टाकायचा, दुसरी बाजू काळोखात सोडायची, खिडकीच्या जाळीची सावली भिंतीवर पाडायची. विसाच्या दशकातल्या जर्मन मूकपटांची ही पद्धत. पुनर्जन्माच्या देशी गोष्टीत ती अशी बसली की हिंदीतल्या भुताच्या हवेल्या पुढे कित्येक वर्षं तशाच दिसत राहिल्या. लतादीदींच्या गाण्याने 'महल' लोकांच्या लक्षात राहिला हे खरंच आहे. पण आवाज बंद करून ते गाणं बघा, तरी अंगावर काटा येतो.

बॉम्बे टॉकीज पन्नाशीच्या दशकात बंद पडली. अमरोहींनी स्वतःची महल पिक्चर्स काढली होती, त्यांनी विर्शिंगला सोबत घेतलं. १९६० मध्ये 'दिल अपना और प्रीत पराई' आला. दिग्दर्शक होते तेच, नागपूरवाले किशोर साहू. तेवीस वर्षांपूर्वी ज्याला पहिल्यांदा पडद्यावर आणलं, तोच आता सेटवर त्याला शॉट समजावून सांगत होता. हॉस्पिटलच्या पांढऱ्या भिंती, पांढऱ्या गणवेशातली मीनाकुमारी आणि ते बोटीवरचं गाणं. कृष्णधवल असूनही ही फ्रेम आजही रील्समध्ये फिरते.

मग 'पाकिजा'. सुरुवात कृष्णधवल झाली. मग रंगीत करायचं ठरलं, मग सिनेमास्कोप आला, म्हणजे उंचीच्या दुपटीहून रुंद पडदा. दरवेळी आधीचं शूटिंग बाजूला आणि पुन्हा पहिल्यापासून. साठीकडे झुकलेला विर्शिंग प्रत्येक वेळी नव्या तंत्रासाठी लाइटिंग नव्याने बसवत राहिला. १९६४ मध्ये अमरोही आणि मीनाकुमारी वेगळे झाले, शूटिंग थांबलं. जून १९६७ मध्ये विर्शिंगचं मुंबईत निधन झालं, तेव्हा पिक्चर अर्धवटच पडून होता.

१९६९ मध्ये काम पुन्हा सुरू झालं. राहिलेले सीन दुसऱ्या नामांकित कॅमेरामनांनी पूर्ण केले. त्यांच्यापुढे अवघड काम हे होतं की विर्शिंगच्या प्रकाशाशी आपला प्रकाश जुळवायचा. रिलीजनंतर दोनच महिन्यांच्या आत, ३१ मार्च १९७२ ला मीनाकुमारी गेल्या आणि थिएटरसमोर रांगा लागल्या.

विर्शिंगने सेटवर काढलेले हजारो फोटो त्याच्या कुटुंबाने जपून ठेवले होते. २०१७ मध्ये गोव्यातल्या सेरेंडिपिटी आर्ट्स फेस्टिव्हलमध्ये त्यातले काही मांडले गेले. मेकअप करून शॉटची वाट बघणारी देविका राणी, मालाडच्या स्टुडिओतले लाइट ओढणारे कामगार, असं सगळं त्यात होतं.