एडिसन यांचे न दिसलेले काम

मुलांनो, विजेचा दिवा म्हटला की तुम्हांला थॉमस एडिसन आठवतात. पण त्यांच्या एका कामाची माहिती फार थोड्या लोकांना आहे. तेच आज आपण पाहू.

एडिसन यांचा जन्म ११ फेब्रुवारी १८४७ रोजी अमेरिकेत झाला. लहानपणीच त्यांना कमी ऐकू येऊ लागले. तरुणपणी ते तार कचेरीत काम करत. तारेची सांकेतिक भाषा त्यांना पुढे फार उपयोगी पडली.

१९१४ मध्ये पहिले महायुद्ध सुरू झाले. जर्मनीच्या पाणबुड्या जहाजे बुडवू लागल्या. १९१५ मध्ये अमेरिकेच्या नौदलाने शास्त्रज्ञांचे एक सल्लागार मंडळ नेमले. एडिसन त्याचे अध्यक्ष झाले. सभेतील बोलणे त्यांना ऐकू येत नसे. मग त्यांचा सहकारी त्यांच्या गुडघ्यावर बोटाने ठोकून, तारेच्या भाषेत, ते सांगत असे.

१९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरली. तेव्हा एडिसन सत्तर वर्षांचे होते. तरीही आपला कारखाना सोडून ते महिनोन् महिने समुद्रावर प्रयोग करत राहिले. विचार करा, ज्यांना समोरच्याचे बोलणे नीट ऐकू येत नव्हते, ते पाण्याखालचा आवाज टिपणारे यंत्र तयार करत होते! बुडालेल्या जहाजांची माहितीही त्यांनी अभ्यासली. बहुतेक हल्ले दिवसा होत. तरी जहाजे नेहमीच्याच मार्गांनी जात. धोक्याचा भाग रात्री ओलांडावा, असे त्यांनी सुचवले.

पण झाले काय? आपण सुमारे ४५ शोध लावले आणि नौदलाने ते सगळे बाजूला ठेवले, अशी एडिसन यांची तक्रार होती. बाहेरच्या माणसाची लुडबुड अधिकाऱ्यांना नको असते, असे त्यांना वाटे. कारखान्यात त्यांचा शब्द अखेरचा असे. इथे त्यांचे कोणी ऐकत नव्हते. १९२० मध्ये नौदलाने त्यांना पदक दिले, तरी मनातली खंत गेली नाही.

नौदलाची स्वतंत्र प्रयोगशाळा असावी, ही कल्पनाही त्यांचीच. ती कोठे असावी आणि कोणी चालवावी, याविषयी मतभेद झाले. १९२१ मध्ये त्यांनी मंडळ सोडले. पुढे १९२३ मध्ये वॉशिंग्टन येथे ती प्रयोगशाळा सुरू झाली. अमेरिकेतील रडारचे सुरुवातीचे काम तेथेच झाले.

१८ ऑक्टोबर १९३१ रोजी एडिसन यांचे निधन झाले. ती प्रयोगशाळा आजही चालू आहे. मग सांगा, त्यांची मेहनत वाया गेली, असे तुम्ही म्हणाल का?