आजीने पाहिलेला कीचक

माझ्या आजीने लहानपणी पुण्यात ‘सैरंध्री’ हा मूकपट पाहिला होता. भीम कीचकाला मारतो तो प्रसंग सांगताना म्हातारपणीही तिचा पदर तोंडाशी जाई. तो प्रसंग एकदा आपल्या डोळ्यांनी पाहावा, एवढ्यासाठी मी बाबूराव पेंटरांच्या मागे लागलो.

बाबूरावांचे मूळ आडनाव मेस्त्री. जन्म १८९० सालचा, कोल्हापूरचा. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता ‘पेंटर’ हेच आडनाव झाले. फाळक्यांचा सिनेमा पाहून ते आणि बंधू आनंदराव झपाटले. १९१६ साली आनंदराव गेले. बाबूरावांनी मात्र ध्यास सोडला नाही. त्यांनी स्वतः कॅमेरा घडवला. तानीबाई कागलकरांनी पैसा उभा केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी निघाली. पुढे ‘प्रभात’ काढणारे दामले, फत्तेलाल आणि शांताराम इथेच तयार झाले.

फेब्रुवारी १९२० मध्ये पुण्याच्या आर्यन थिएटरात ‘सैरंध्री’ झळकला. लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ पदवी दिली. कीचकवध मात्र इतका हुबेहूब होता, की सेन्सॉरने तो प्रसंग कापायला लावला.

बोट ठेवले गेले ते दृश्याच्या भीषणतेवर. पण खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ नाटकावर सरकारने १९१० सालीच बंदी घातली होती. त्या कीचकात प्रेक्षकांना लॉर्ड कर्झन दिसत होता. दहाच वर्षांत सरकार हे विसरले असेल, असे मला वाटत नाही.

पुण्यातले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. बाबूराव त्याच्या दहा वर्षे आधी, १९५४ मध्येच गेले होते. त्या काळची नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेई आणि नुसती ठेवली तरी कुजून जाई. मला जुने कागद मिळाले, छायाचित्रे मिळाली. पण ‘सैरंध्री’ मिळाला नाही. आधी कात्रीने एक प्रसंग नेला, मग काळाने उरलेला सगळा चित्रपट.

मुंबईचे सेन्सॉर बोर्ड त्याच १९२० सालचे. म्हणजे आजीने चित्रपट कात्री लागण्यापूर्वी पाहिला असेल का? की न पाहिलेलेच तिच्या डोळ्यांसमोर उभे राहत होते? विचारायला आता ती नाही.

परवा नातीने कीचकाची गोष्ट मागितली. आजीने सांगितली होती तशीच मी ती सांगितली, एकही प्रसंग न कापता.