विश्लेषण : नग्नसंघांची बाजू घेणारे र. धों. कर्वे कोण होते?

डिसेंबर सरत आला की परदेशातील नग्नसंघांच्या नाताळ आणि नववर्षाच्या बातम्या मोबाइलवर फिरू लागतात. त्या वाचून कोणी हसते, कोणी नाक मुरडते. मात्र नग्नता आणि अश्लीलता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे सांगण्यासाठी मुंबईतील एका गणिताच्या प्राध्यापकाने मासिक चालवले, खटले अंगावर घेतले आणि दंडही भरला. ते रघुनाथ धोंडो कर्वे.

नग्नसंघात थंडीत काय चालते?

मोकळ्या हवेत, उन्हात, कपड्यांविना वावरणे शरीराला आणि मनाला हितकारक आहे, असे मानणाऱ्यांची ही चळवळ विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जर्मनीत रुजली आणि पुढे युरोपभर पसरली. तेथील बहुतेक संघ उन्हाळ्यात गजबजलेले असतात. हिवाळा आला की मुक्काम घरात हलतो. गरम पाण्याचे बंदिस्त तलाव, वाफेच्या खोल्या, शेकोटी आणि नाताळचे एकत्र जेवण असा बेत असतो. वाफेच्या खोलीतून बाहेर पडून थेट गार पाण्यात उडी घेणे हा काहींचा आवडता प्रकार. नियम मात्र कडक असतात. परवानगीशिवाय छायाचित्र काढायचे नाही, कोणाकडे रोखून पाहायचे नाही आणि बसताना आपला टॉवेल खाली अंथरायचा.

महाराष्ट्राशी याचा संबंध कधीपासून?

कर्व्यांच्याही आधीपासून. ठाण्याचे इंग्रज जिल्हा न्यायाधीश चार्ल्स क्रॉफर्ड यांनी 1891 मध्ये असा एक संघ काढला होता. सभासद अवघे तीन आणि भेटण्याचे ठिकाण माथेरान. क्रॉफर्ड यांची बदली रत्नागिरीला झाली आणि संघ मोडला. 1894 मध्ये त्यांचे निधन झाले. तो साहेबांचा खासगी मामला होता. हा विषय मराठी वाचकांपुढे उघडपणे मांडला तो कर्व्यांनी.

कर्वे या वाटेला कसे आले?

महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे हे थोरले चिरंजीव. जन्म 14 जानेवारी 1882, कोकणातील मुरूडचा. लहानपणीच आई गेली. मॅट्रिकला ते पहिले आले, गणितात रमले आणि उच्च शिक्षणासाठी पॅरिसला गेले. परतल्यावर 1921 मध्ये त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले. लंडनमध्ये मेरी स्टोप्स यांचे केंद्र उघडले तेही याच वर्षी. 1923 मध्ये त्यांचे ‘संततिनियमन’ हे पुस्तक आले. हे काम विल्सन कॉलेजला रुचले नाही आणि 1925 मध्ये प्राध्यापकाची नोकरी गेली. पत्नी मालतीबाई मात्र त्यांच्या पाठीशी राहिल्या. आपल्याला मूल होऊ द्यायचे नाही, हा निर्णय दोघांनी मिळून घेतला होता.

नग्नतेची बाजू त्यांनी का घेतली?

जुलै 1927 मध्ये त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक काढले. मुखपृष्ठावर अनेकदा नग्न स्त्रीचे चित्र असे आणि आत लैंगिक आरोग्यावरचे लेख व वाचकांच्या शंकांना थेट उत्तरे. नग्नतेच्या चळवळीचाही पुरस्कार त्यांनी येथूनच केला. त्यांचा युक्तिवाद साधा होता. शरीरात लाजण्यासारखे काही नाही. जे झाकून ठेवले जाते त्याचेच अवास्तव कुतूहल वाढते, सवय झाली की ते ओसरते. म्हणजे घाण शरीरात नसून पाहणाऱ्याच्या मनात असते.

नग्नता समाजाला अनोळखी होती असेही नाही. दिगंबर जैन मुनी आणि नागा साधू यांच्यापुढे लोक हात जोडतच होते. त्याच काळात अहिल्यानगर जिल्ह्यातील साकुरीत उपासनी महाराज कमरेला केवळ गोणपाट गुंडाळून राहत आणि लोक त्यांच्या दर्शनाला जात. वैराग्यातून आलेले उघडे शरीर समाजाने स्वीकारले होते. कर्व्यांनी वैराग्याचा आधार घेतला नाही. ते आरोग्य आणि बुद्धीच्या आधारावर बोलत होते, तेच लोकांना खटकले.

त्याची किंमत काय मोजावी लागली?

1931 मध्ये व्यभिचारावरील लेखासाठी अश्लीलतेचा खटला झाला आणि 100 रुपये दंड बसला. 1934 मध्ये वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून पुन्हा कोर्टाची पायरी चढावी लागली. या वेळी त्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लैंगिक विषयावर लिहिले म्हणून ते आपोआप अश्लील ठरत नाही, अशी बाजू बाबासाहेबांनी मांडली. तरीही निकाल विरोधात गेला आणि दंड झाला 200 रुपये.

नोकरी नव्हती, मासिकाला पैसा पुरत नव्हता, तरी अंक निघत राहिले. 1944 मध्ये मालतीबाई गेल्या. 14 ऑक्टोबर 1953 रोजी कर्व्यांचे निधन झाले आणि त्यानंतरच्या नोव्हेंबर अंकाबरोबर ‘समाजस्वास्थ्य’ थांबले. वडील महर्षी कर्वे तेव्हा हयात होते. 1958 मध्ये त्यांना भारतरत्न मिळाले.

आज कायदा काय म्हणतो?

कर्व्यांच्या काळात अश्लीलता ठरवण्यासाठी 1868 चा इंग्लंडमधील निकष वापरला जाई. भ्रष्ट होऊ शकणाऱ्या मनावर मजकुराचा परिणाम काय होईल, एवढेच त्यात पाहिले जाई. सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये तो बाजूला सारला. टेनिसपटू बोरिस बेकर आणि त्याच्या वाग्दत्त वधूच्या नग्न छायाचित्राच्या प्रकरणात, केवळ नग्नतेमुळे चित्र अश्लील ठरत नाही, त्याचा संदर्भ आणि आजच्या समाजाची दृष्टी पाहावी, असा निर्वाळा न्यायालयाने दिला. याचा अर्थ वाटेल तेथे तसे फिरता येते असा नाही. सार्वजनिक जागी इतरांना त्रास होईल असे अश्लील वर्तन भारतीय न्याय संहितेच्या कलम 296 नुसार आजही गुन्हा आहे.

चित्राविषयीचा तो निवाडा आला तेव्हा कर्व्यांना जाऊन 61 वर्षे लोटली होती. त्यांनी भरलेला दंड मात्र कागदावर तसाच आहे.